उशिरा आलेले शासन : भूसंपादन मोबदल्यातील मुदतबाह्य अपिलांच्या अभ्यासाची प्रस्तावना

महाराष्ट्रातल्या कुठल्याही जिल्ह्यात वरिष्ठ स्तर दिवाणी न्यायालयाच्या बोर्डावर नजर टाकली, तर 'एल.ए.आर.' (लँड अ‍ॅक्विझिशन रेफरन्स, म्हणजे भूसंपादन संदर्भ) ही अक्षरे हटकून भेटतात. धरण, कालवा, पाझर तलाव, औद्योगिक वसाहत किंवा रस्त्यासाठी जमीन गेली, ठरवून दिलेला मोबदला कमी वाटला, म्हणून जमीनमालकाने न्यायालयापर्यंत नेलेले हे प्रकरण. त्याच बोर्डावर थोडे खाली दरखास्ती असतात : न्यायालयाने मोबदला वाढवला, पण रक्कम आली नाही, म्हणून वसुलीसाठी दाखल केलेल्या. या प्रकरणांचे तिसरे टोक उच्च न्यायालयात असते. तिथे शासनाचे प्रथम अपील असते आणि त्याला जोडलेला विलंब माफीचा अर्ज असतो. हे पुस्तक त्या अर्जाविषयी आहे.

असा अर्ज बहुधा चार-पाच पानांचा असतो. निकाल अमुक तारखेला लागला, नक्कल अमुक तारखेला मिळाली, अभिप्रायासाठी कागद अमुक कार्यालयात गेले, तिथून मंजुरी आली, मध्ये अधिकाऱ्याची बदली झाली, म्हणून इतके दिवस गेले. सबब विलंब माफ व्हावा. वाचायला रूक्ष. विधी अभ्यासक्रमात मुदतीचा कायदा एका सत्रात शिकवला जातो, भूसंपादनाचा दुसऱ्यात; दोन्ही जिथे एकमेकांना भिडतात ती जागा दोघांच्याही वाटेत येत नाही. प्रत्यक्षात या चार-पाच पानांवर दोन मोठे प्रश्न ठरतात. नागरिकाला जी मुदत बांधते ती राज्यसंस्थेलाही तितकीच बांधते का? आणि न्यायालयाने जाहीर केलेला पैसा प्रत्यक्ष हातात पडेपर्यंतचा काळ कोणाच्या खर्चाने जातो?

नव्या वाचकासाठी आधी वाट आखून देतो. १८९४ च्या भूसंपादन कायद्याखाली कलम ४ ची अधिसूचना, कलम ६ ची घोषणा, कलम ९ च्या नोटिसा आणि कलम ११ चा निवाडा असा क्रम होता. निवाडा करणारा विशेष भूसंपादन अधिकारी न्यायाधीश नसतो. शासनाच्या वतीने किंमत देऊ करणारा तो अधिकारी असतो. ती किंमत मान्य नसेल तर कलम १८ खाली अर्ज करून प्रकरण दिवाणी न्यायालयाकडे पाठवून घ्यायचे. जमीन जिरायत की बागायत, विहिरीला पाणी किती, झाडे कोणती, गावठाण आणि रस्ता किती अंतरावर, शेजारच्या गटाचे खरेदीखत कोणत्या दराने झाले, याचा पुरावा तिथे होतो. बाजारभाव ठरला की १९८४ च्या दुरुस्तीनंतर त्यावर ३० टक्के दिलासा रक्कम, वार्षिक १२ टक्क्यांचा अतिरिक्त घटक, आणि वाढीव रकमेवर कलम २८ चे व्याज मिळते : ताब्यापासून पहिल्या वर्षाला ९ टक्के, पुढे १५ टक्के. दिलासा रकमेवरही व्याज द्यावे लागते, हे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २००१ मध्ये निश्चित केले.

दिवाणी न्यायालयाच्या निकालाविरुद्ध कलम ५४ खाली उच्च न्यायालयात अपील होते. १९६३ च्या मुदत कायद्याचा अनुच्छेद ११६ त्यासाठी ९० दिवस देतो. नक्कल मिळवण्यात गेलेले दिवस कलम १२ प्रमाणे वगळले जातात. मुदत टळलेले अपील, समोरच्याने हरकत घेतली नाही तरीही, फेटाळावे असे कलम ३ सांगते. कलम ५ मात्र एक दार ठेवते : 'पुरेसे कारण' दाखवले तर न्यायालय विलंब माफ करू शकते. कलम ५ शासन आणि नागरिक असा भेद करत नाही. जिथे भेद करायचा होता तिथे संसदेने तो उघड केला आहे. अनुच्छेद ११२ शासनाच्या दाव्यांना ३० वर्षांची मुदत देतो. अपिलांसाठी अशी सवलत लिहिलेली नाही. शासनाला मिळालेली सवलत न्यायालयीन निकालांतून आली आहे, आणि म्हणूनच ती कशी आली, किती पुढे गेली आणि कुठे अडली, हे पाहण्यासारखे आहे.

त्याआधी शेतकऱ्याच्या बाजूची मुदत पाहू. निवाड्याच्या वेळी तो हजर असेल तर कलम १८ चा अर्ज निवाड्यापासून सहा आठवड्यांत करायचा. हजर नसेल तर नोटिशीपासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांपैकी जे आधी संपेल तोवर. ही मुदत वाढवण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्याला नाही, कारण तो न्यायालय नव्हे, हे महाराष्ट्रातूनच गेलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये सांगितले. म्हणजे त्या कायद्याच्या रचनेत शेतकऱ्याचे पहिले दार सहा आठवड्यांनी, फार तर सहा महिन्यांनी, कायमचे बंद होत होते, आणि शासनाचे नव्वद दिवसांचे दार कारण सांगून पुन्हा उघडता येत होते. पुढचे सगळे निकाल ही विषमता ध्यानात ठेवून वाचावेत.

या क्षेत्राचा पाया घातला तो अनंतनागच्या प्रकरणाने. जम्मू-काश्मीरमध्ये सार्वजनिक कामासाठी घेतलेल्या जमिनीचा दर कनालला (कनाल हे तिथले जमीन मोजण्याचे एकक) १,००० रुपयांवरून ८,००० रुपयांवर गेला. वाढ एकूण सुमारे १४ लाखांची. शासनाचे अपील चार दिवस उशिरा आले म्हणून उच्च न्यायालयाने ते फेटाळले. सर्वोच्च न्यायालयात न्या. ठक्कर आणि न्या. रे यांच्या पीठाने १९८७ मध्ये ते पुन्हा जिवंत केले. त्या निकालाने सांगितलेली सूत्रे आजही प्रत्येक विलंब माफीच्या अर्जात असतात. उशिरा येऊन पक्षकाराचा सहसा फायदा होत नाही. प्रत्येक दिवसाचा खुलासा हवा या नियमाचा अतिरेक करू नये. तांत्रिकता आणि न्याय यांत निवड करायची तर न्यायाकडे झुकावे. शासन हा पक्षकार असला म्हणून त्याला सावत्रपणे वागवू नये, आणि टिपण्या लिहीत, फाइल पुढे ढकलत चालणाऱ्या यंत्रणेची वहिवाट न्यायालयाने समजून घ्यावी. दुसऱ्याच वर्षी बंगळूरच्या भूसंपादन प्रकरणात न्यायालयाने आणखी एक विचार जोडला : सरकारी वकिलांनीच कसूर केली असेल, तर अपील बुडाल्याचा तोटा शेवटी जनतेच्या तिजोरीला होतो.

अनंतनागचा निकाल वाचताना एक आकडा सोडू नये. तिथे विलंब चार दिवसांचा होता. पुढच्या वर्षांत तीच सूत्रे चारशे, हजार, सतराशे दिवसांच्या अर्जांत वापरली गेली. चार दिवसांसाठी घडवलेला उदार विचार वर्षानुवर्षांच्या विलंबाला पुरतो का, हा या क्षेत्राचा मध्यवर्ती वाद आहे.

त्या वादाला सर्वांत स्पष्ट उत्तर खानदेशातून आले. जळगाव मध्यम प्रकल्पाच्या कार्यकारी अभियंत्याने दाखल केलेल्या अपिलांना १,७२४ दिवसांचा, म्हणजे सुमारे पावणेपाच वर्षांचा उशीर झाला होता. उच्च न्यायालयाने तो माफ केला. जमीनमालक सर्वोच्च न्यायालयात गेले. २००८ च्या निकालात न्या. सुदर्शन रेड्डी यांनी माफीचा आदेश रद्द केला. विलंबाच्या अर्जातले कथन नोंदींशी जुळत नव्हते, आणि असे चुकीचे विधान अर्ज फेटाळायला स्वतःच पुरेसे आहे, असे न्यायालयाने म्हटले. त्याहून महत्त्वाचा मुद्दा सार्वजनिक हिताचा होता. तोवर हे दोन शब्द शासनाच्या अर्जात शासनाच्या बाजूने येत. वाद कधीतरी संपावा, यातही सार्वजनिक हित आहे, हे या निकालाने ठामपणे मांडले. महाराष्ट्रात या विषयाचा अभ्यास करणाऱ्याने सुरुवात इथून करावी.

त्यानंतर सूर कडक होत गेला. २०१२ मध्ये टपाल खात्याच्या ४२७ दिवसांच्या विलंबाविषयी न्या. सदाशिवम यांच्या पीठाने सांगितले की मुदतीचा कायदा शासनासह सर्वांना बांधतो, आणि आधुनिक तंत्रज्ञान हाताशी असताना फाइलीच्या प्रवासाची जुनी सबब चालणार नाही. हे प्रकरण भूसंपादनाचे नव्हते. पण तेव्हापासून भूसंपादनाच्या अपिलांत जमीनमालकाचा वकील ते हमखास दाखवतो. २०२० मध्ये मध्य प्रदेश शासनाच्या ६६३ दिवस उशिरा आलेल्या याचिकेत न्या. कौल यांनी २५,००० रुपयांचा खर्च लादला आणि तो जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करायला सांगितले. त्या आदेशात त्यांनी एका प्रथेवर बोट ठेवले : अपील टिकणार नाही हे ठाऊक असूनही ते दाखल करायचे, फेटाळले गेल्याचा कागद मिळवायचा, आणि 'आम्ही वरपर्यंत गेलो होतो' असे दाखवून फाइल बंद करायची. २०२५ मध्ये कर्नाटक गृहनिर्माण मंडळाच्या ३,९६६ दिवसांच्या विलंबालाही सर्वोच्च न्यायालयाने माफी नाकारली.

एवढ्यावरून कल एकाच दिशेला आहे असे समजणाऱ्याने २०२३ चा दिल्लीचा निकाल वाचावा. भूसंपादनाच्या मोबदल्याविरुद्ध केंद्र शासनाचे अपील ४७९ दिवस उशिरा आले. दिल्ली उच्च न्यायालयाने विलंब माफ केला. सर्वोच्च न्यायालयाने त्यात हस्तक्षेप केला नाही. न्या. दीपांकर दत्ता यांनी खुलासा आणि सबब यांत फरक करायला सांगितले आणि शासनाच्या निर्णयप्रक्रियेत अनेक हात असतात याची पुन्हा दखल घेतली. ४२७ दिवस माफ नाहीत आणि ४७९ दिवस माफ, असे आकडे शेजारी ठेवले की न्यायालये मनाला येईल तसे ठरवतात असे वाटू लागते. नव्या अभ्यासकाचा पहिला निष्कर्ष बहुधा हाच असतो. मला तो घाईचा वाटतो. दिवसांची संख्या मोजून हे निकाल समजत नाहीत. अर्जातला खुलासा खरा आहे का, आणि मधल्या काळात समोरच्याचे काय झाले, हे पाहिले की बरीचशी सुसंगती हाती लागते.

मोबदल्याच्या लढाईत उशीर शेतकऱ्यांकडूनही होतो. त्यांचे निकाल वाचल्याशिवाय चित्र पुरे होत नाही. कर्नाटकातल्या जमीनमालकांचा साडेपाच वर्षांचा विलंब २०१३ मध्ये माफ झाला नाही; शेजाऱ्यांना जास्त मोबदला मिळाला, हे कारण पुरेसे ठरले नाही. तेलुगू गंगा प्रकल्पात जमीन गेलेल्यांच्या वारसांचे अपील ५,६५९ दिवस, म्हणजे पंधरा वर्षांहून अधिक उशिरा आले. २०२४ मध्ये तेही नाकारले गेले. याउलट २०१७ मध्ये आंध्रातल्या जमीनमालकांचा ३,६७१ दिवसांचा विलंब माफ झाला, पण एका अटीवर : उशिराच्या काळाचे व्याज मिळणार नाही. ही अट नंतरच्या अनेक निकालांत दिसते. शेतकऱ्याच्या उशिराचा भुर्दंड तिजोरीवर पडू नये, हे तिच्यामागचे तत्त्व. या पुस्तकाचा मुख्य युक्तिवाद त्या तत्त्वातूनच निघतो.

अनंतनागच्या निकालाचे पहिले गृहीतक होते की उशिरा येऊन कोणाचा फायदा होत नाही. साध्या दिवाणी दाव्यात ते बहुतांशी खरे असते. भूसंपादनात परिस्थिती निराळी आहे. निकाल लागेपर्यंत जमीन शासनाच्या ताब्यात गेलेली असते, तिच्यावर कालवा वाहत असतो किंवा रस्ता झालेला असतो. वाढीव रक्कमही शासनाकडेच असते. हरणाऱ्याच्या हातात जमीन आणि पैसा दोन्ही असताना थांबण्याची किंमत जिंकणारा मोजतो. मुलांची शिक्षणे, दुसरीकडे जमीन घेण्याची संधी, आजारपण, कर्ज, हे सगळे त्या मधल्या वर्षांत येऊन जाते. अनेक प्रकरणांच्या नोंदी तारखेवार लावल्या की एक क्रम पुन्हा पुन्हा दिसतो. निकालानंतर दीर्घ शांतता, मग दरखास्त, मग जंगम जप्तीचे वॉरंट, बेलीफ कार्यालयात येऊन गाडी किंवा खुर्च्या-टेबले जप्त करू लागतो, आणि त्यानंतर थोड्याच दिवसांत अपील. तिथे विलंबाचे खरे स्पष्टीकरण अर्जात लिहिलेले असतेच असे नाही.

तिजोरीचाही यात फायदा नाही, हे साध्या गणिताने दिसते. वाढीव रक्कम १० लाख रुपये धरा. १५ टक्के सरळ व्याजाने वर्षाला दीड लाख वाढतात. चार वर्षे काहीच केले नाही तर सहा लाख. अपील फेटाळले गेले तर हे सहा लाख जनतेच्या पैशातून जातात; ज्या टेबलावर फाइल पडून राहिली त्या टेबलावरून नव्हे. सार्वजनिक पैसा वाचवण्यासाठी विलंब माफ करा, असे म्हणणाऱ्या अर्जात हा हिशेब मला क्वचितच आढळला आहे.

तरीही शासनाची बाजू हलकी समजू नये. काही निवाड्यांत गुंठेवारीतल्या छोट्या तुकड्याच्या खरेदीखतावरून अख्ख्या शिवाराचा दर ठरवलेला असतो. कधी शासनाच्या वतीने पुरावाच दिला जात नाही, उलटतपासणी होत नाही. शिवाय कलम २८-अ मुळे एका खातेदाराचा निकाल गावभर पसरतो : ज्यांनी कलम १८ चा अर्ज केलाच नव्हता, तेही त्याच अधिसूचनेतले असतील तर न्यायालयाच्या निवाड्यापासून तीन महिन्यांत पुनर्निर्धारण मागू शकतात. चुकीचा दर एकदा कायम झाला की त्याची फळे शेकडो खात्यांवर दिसतात. अपील करावे की नाही हे ठरवणारी साखळीही खरोखरच लांब आहे. जिल्हा सरकारी वकिलाचा अभिप्राय, विशेष भूसंपादन अधिकारी, जिल्हाधिकारी, ज्या खात्यासाठी किंवा महामंडळासाठी जमीन घेतली ते खाते, विधी व न्याय विभाग, आणि शेवटी उच्च न्यायालयातील सरकारी वकील कार्यालय. पैसे भरायचे ते संपादन संस्थेने, आणि खटला चालवतो महसूल विभाग, ही दोन डोक्यांची व्यवस्था विलंबाला पोषक आहे. संपादन संस्थेला सुनावणीचा हक्क आहे, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने उत्तर प्रदेशच्या आवास परिषदेच्या प्रकरणात ठरवले, तेव्हापासून 'आम्हाला कळवलेच नाही' हे कारण वारंवार येते. काही वेळा ते खरे असते, काही वेळा नसते. जळगावचा धडा हाच.

मग करायचे काय? या पुस्तकाची भूमिका थोडक्यात अशी. जमीनमालकाचा उशीर माफ करताना न्यायालय त्या काळाचे व्याज काढून घेते. शासनाचा उशीर माफ करायचा तर त्याच मापाची अट शासनालाही हवी : वाढीव रक्कम व्याजासह न्यायालयात जमा व्हावी, आणि ठराविक भाग अपिलाचा निकाल लागण्याआधी जमीनमालकाला उचलता यावा. अपील शासनाने जिंकले तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४४ प्रमाणे परतफेड मागता येते. म्हणजे शासनाचे ऐकून घेण्याचे दार उघडे राहते, आणि थांबण्याची किंमत एकट्या शेतकऱ्यावर पडत नाही. अनेक खंडपीठे अशा अटी घालतातही. पण ती त्या त्या न्यायाधीशाची मर्जी राहते. तिचा नियम झाला पाहिजे.

त्यासाठी लागणारी एक तरतूद संहितेत आधीपासून आहे, आणि ती फार थोडे लोक वापरतात. १९७६ च्या दुरुस्तीने आलेला आदेश ४१ चा नियम ३-अ म्हणतो की मुदतबाह्य अपिलासोबत विलंबाचा अर्ज हवाच, आणि अपील ऐकायचे असे न्यायालय ठरवत नाही तोवर निकालाच्या अंमलबजावणीला स्थगिती देता येत नाही. 'विलंब माफीचा अर्ज प्रलंबित आहे' हे दरखास्तीला उत्तर होऊ शकत नाही. उलट बाजूला आदेश २७ चा नियम ८-अ आहे. तो स्थगितीसाठी शासनाकडून तारण मागायला मनाई करतो. तारण मागणे आणि ठरलेली रक्कम जमा करायला लावणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत असे मी मानतो, पण विरुद्ध मतही मांडण्याजोगे आहे. वाचकाने दोन्ही नियम समोर ठेवून स्वतः विचार करावा.

१ जानेवारी २०१४ पासून लागू झालेल्या २०१३ च्या कायद्याने पट बराच बदलला. दिलासा रक्कम १०० टक्के झाली. जमीनमालकाच्या पहिल्या अर्जाला कलम ६४ ने थोडी सैल मुदत दिली. पुरेसे कारण असेल तर जिल्हाधिकारी आणखी एक वर्षापर्यंतचा उशीर मान्य करू शकतो. अपिलासाठी कलम ७४ ने ६० दिवस दिले, आणि पुरेसे कारण असेल तर उच्च न्यायालय आणखी जास्तीत जास्त ६० दिवस देऊ शकते असे म्हटले. एकशेवीस दिवसांनंतर दार कायमचे बंद होते का, की मुदत कायद्याच्या कलम २९(२) मधून कलम ५ पुन्हा आत येते, यावर न्यायालयांत झालेला युक्तिवाद हा या क्षेत्रातला सर्वांत रसाळ तांत्रिक वाद आहे. तो वाचताना ताज्या निकालांची जोड घ्यावी. राष्ट्रीय महामार्गाच्या जमिनींची वाट तर आणखी निराळी : तिथे राष्ट्रीय महामार्ग कायद्याच्या कलम ३-जी(५) खाली लवाद नेमला जातो आणि त्याच्या निवाड्याला लवाद कायद्याच्या कलम ३४ खाली आव्हान द्यायला तीन महिने आणि वर फार तर ३० दिवस मिळतात, त्यापुढे एक दिवसही नाही. त्याच्या पुढच्या टप्प्यावरच्या, म्हणजे कलम ३७ खालच्या अपिलांविषयी महाराष्ट्राच्या जलसंपदा विभागाच्या २०२१ च्या कंत्राट-प्रकरणात न्या. नरिमन यांच्या पीठाने विलंब माफी अपवाद म्हणूनच द्यावी असे बजावले. एकाच गावात धरणाखाली गेलेली जमीन आणि महामार्गाखाली गेलेली जमीन, दोन्ही ठिकाणी शासनाची मुदत वेगळी, हे धोरण म्हणून कितपत समर्थनीय आहे हा खुला प्रश्न आहे.

उशिराच्या अपिलांची एक लाट पुण्यातून उठली. वन उद्यानासाठी घेतलेल्या जमिनीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०१४ मध्ये ठरवले की मोबदला सरकारी तिजोरीत ठेवणे म्हणजे तो दिला असे नव्हे, आणि नव्या कायद्याच्या कलम २४(२) प्रमाणे असे जुने संपादन रद्द ठरते. देशभर संपादने व्यपगत झाली. मार्च २०२० मध्ये इंदूर विकास प्राधिकरणाच्या प्रकरणात घटनापीठाने तो अर्थ मोडीत काढला, आणि मग आधीच्या निकालांविरुद्ध उशिराची अपिले येऊ लागली. कायद्याचा अर्थ नंतर बदलला, एवढ्याच कारणाने संपलेला वाद पुन्हा उघडत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये दिल्लीच्या प्रकरणांत म्हटले. हे मोबदल्याच्या रकमेचे वाद नव्हेत, पण विलंबाच्या विचाराला त्यांनी नवी बाजू दिली, म्हणून त्यांची ओळख असावी.

आता अभ्यासाच्या पद्धतीविषयी दोन शब्द. या विषयात केवळ छापील निकाल वाचून भागत नाही. सर्वोच्च न्यायालयात पोचलेली प्रकरणे ही थोडी आणि टोकाची असतात. रोजचे वास्तव उच्च न्यायालयाच्या छोट्या आदेशांत, विलंबाच्या अर्जांवरील प्रतिज्ञापत्रांत आणि दरखास्तीच्या रोजनाम्यात सापडते. प्रत्येक प्रकरणासाठी निदान पाच तारखा नोंदवाव्यात : संदर्भ न्यायालयाचा (कलम १८ चे प्रकरण चालवणाऱ्या दिवाणी न्यायालयाचा) निकाल, नक्कल मिळाल्याचा दिवस, दरखास्तीचा दिवस, अपिलाचा दिवस, आणि रक्कम जमा झाल्याचा दिवस. पहिल्या आणि चौथ्या तारखेतले अंतर, मुदतीचे आणि नक्कल मिळवण्याचे दिवस वजा करून, कायद्याचा विलंब सांगते. पहिल्या आणि पाचव्यातले अंतर माणसाचा विलंब सांगते. दुसरे अंतर बहुतेक लेखनात मोजलेच जात नाही. करोनाकाळातल्या प्रकरणांत १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ सर्वोच्च न्यायालयाने मुदतीतून वगळला आहे, तो वजा करायला विसरू नये. एकाच अधिसूचनेतल्या खातेदारांपैकी कोणाविरुद्ध अपील झाले, कोणाविरुद्ध नाही, हेही तपासावे. निवडक अपिलांचा प्रश्न तिथे समोर येतो. पार्श्वभूमीसाठी विधी आयोगाचे दोन अहवाल जवळ ठेवावेत : शासनाच्या दाव्यांविषयीचा १०० वा आणि शासकीय व सार्वजनिक उपक्रमांच्या दावेधोरणाविषयीचा १२६ वा. दोन्ही १९८० च्या दशकातले आहेत, आणि त्यांत नोंदवलेली दुखणी आजच्या अर्जांत ओळखता येतात.

पुस्तकाची मांडणी याच क्रमाने केली आहे : आधी कायद्याची चौकट, मग अनंतनाग ते आजपर्यंतच्या निकालांची वाटचाल, मग जमीनमालकांच्या विलंबाशी तुलना, आणि शेवटी महाराष्ट्रातल्या प्रकरणांच्या नोंदी वाचण्याची रीत. नव्या वकिलाला निकालांच्या प्रकरणापासून, महसूल किंवा जलसंपदा विभागातल्या अधिकाऱ्याला फाइलीच्या प्रवासापासून, आणि पत्रकाराला शेवटच्या भागापासून सुरुवात करता येईल. ज्याची स्वतःची जमीन गेली आहे त्याने तुलनेचे प्रकरण आधी वाचावे, कारण त्याच्याही मुदती कडक आहेत आणि त्या चुकल्या तर सहानुभूती उपयोगी पडत नाही.

वाचकाला एकच विनंती. आपल्या तालुक्यातले एक गाव आणि एक निवाडा निवडा, आणि त्यातल्या सगळ्या प्रकरणांच्या वरील पाच तारखा एका तक्त्यात लिहा. या विषयाला मोठ्या सिद्धांतांपेक्षा अशा तक्त्यांची आज जास्त गरज आहे. तुमचा तक्ता माझ्या भूमिकेच्या विरुद्ध गेला तरी तो प्रसिद्ध करा. तोवर माझे मत हेच राहील : शासनाला उशिरा येण्याची मुभा असू शकते, पण ती आधी पैसे भरून मिळाली पाहिजे.